त्यागाचा वारसा आणि नेमणुकीचा हुकूम

वैतरणेच्या मुखापासून उत्तरेस गुजरातच्या सीमेपर्यंत पसरलेल्या, एका अंगाला केळवे-माहीमचे पानमळे, डहाणूच्या चिकूवाड्या व मच्छीमारांची बंदरे आणि दुसऱ्या अंगाला वारली, कोकणा व मल्हार कोळी यांचे पाडे असलेल्या पालघरच्या मुलखाचा इतिहास लिहिणारे बहुधा किल्ल्यांपासून आरंभ करतात आणि चिमाजीअप्पांची मोहीम, तारापूरचा कोट, १९४२ च्या ऑगस्टमध्ये पालघरात गोळीबाराला बळी पडलेले पाच हुतात्मे असे टप्पे घेत अणुशक्ती केंद्रापाशी येऊन थांबतात. या क्रमात शाळेला जागा मिळते ती एखाद्या ओळीपुरती, आणि शाळेत शिकविणाऱ्या माणसाच्या नोकरीला तर तीही मिळत नाही. वस्तुतः या पट्टीतील चार पिढ्या ज्या खाजगी संस्थांच्या शाळांतून अक्षरे गिरवून बाहेर पडल्या, त्या शाळांतील शिक्षकाला कोणत्या अटींवर नेमीत, कोणत्या कारणाने काढून टाकीत आणि काढलेल्या शिक्षकाने दाद कोठे मागावयाची, हा प्रश्न येथील समाजजीवनाच्या अगदी गाभ्याचा आहे.

खाजगी शाळेचे मराठी कुलवृत्त पाहू गेल्यास ते १८८० साली पुण्यात निघालेल्या न्यू इंग्लिश स्कूलपाशी पोहोचते. विष्णुशास्त्री चिपळूणकरांनी सरकारी नोकरी सोडून आणि टिळक-आगरकरांनी सरकारी नोकरीचा विचारही दूर सारून जी शाळा काढली, तिच्या पाठीशी १८८४ साली डेक्कन एज्युकेशन सोसायटी उभी राहिली आणि आजीव सदस्याने अल्प वेतनावर आपल्या आयुष्याची ऐन उमेदीची वर्षे संस्थेला द्यावी अशी रीत पडली. गोपाळ कृष्ण गोखल्यांनी दरमहा ७५ रुपयांवर सुमारे दोन दशके याच रीतीने काढली. परंतु खाजगी शिक्षकाच्या सेवाशर्तींवरील महाराष्ट्रातील पहिला मोठा तंटाही याच घरात झाला, ही गोष्ट आपण सहसा आठवीत नाही. वेतनात वाढ करावी की नाही, सदस्याने बाहेरची कामे पत्करून प्राप्ती करावी की सर्व वेळ संस्थेलाच द्यावा, या वादाने टिळक आणि आगरकर यांच्यात जी दरी पडली ती पुढे बुजली नाही, आणि १८९० च्या अखेरीस टिळकांनी संस्थेचा राजीनामा दिला. त्या वादात कोण बरोबर होते याचा निवाडा येथे करावयाचा नाही. लक्षात घ्यावयाचे ते एवढेच, की भांडणारे दोन्ही पक्ष शिक्षक होते आणि दोन्ही पक्ष संस्थेचे चालकही होते. जो त्याग करीत होता तोच त्यागाची मर्यादा ठरवीत होता. पुढील शंभर वर्षांत महाराष्ट्रभर ज्या शेकडो संस्था उभ्या राहिल्या त्यांनी पुण्याच्या या शाळेकडून त्यागाची भाषा घेतली. शिक्षकाचे आणि चालकाचे ते ऐक्य मात्र मागेच राहिले.

आपल्या पट्टीत हा वारसा आला तो बोर्डीच्या वाटेने. प्राचार्य टी. ए. कुलकर्णी यांनी १९१८ साली गोखल्यांच्या नावाने जी एज्युकेशन सोसायटी स्थापन केली, तिने थोड्याच काळात बोर्डीस माध्यमिक शाळा चालविण्यास घेतली आणि समुद्रकाठच्या त्या लहानशा गावात आचार्य भिसे यांच्यासारख्या मुख्याध्यापकाने आपले आयुष्य वेचले. याच बोर्डीत १९४५ साली ताराबाई मोडक आणि त्यांच्या सोबतीस आलेल्या अनुताई वाघ यांनी ग्रामीण बालशिक्षणाचा प्रयोग मांडला, जो १९५७ साली कोसबाडच्या टेकडीवर गेला आणि गुरांमागे जाणाऱ्या मुलांसाठी थेट कुरणात शाळा भरविण्यापर्यंत पोहोचला. खुद्द पालघरच्या महाविद्यालयावर ज्यांचे नाव आहे ते सोनोपंत दांडेकर माहीमचे; ज्ञानेश्वरीचे अभ्यासक आणि पुण्याच्या सर परशुरामभाऊ महाविद्यालयाचे प्राचार्य म्हणून मामासाहेब या नावाने सारा महाराष्ट्र त्यांना ओळखीत असे. या माणसांच्या सेवाशर्ती कोणी विचारल्या असत्या तर त्यांना बहुधा प्रश्नच कळला नसता.

अशा माणसांविषयी माझ्या मनात जो आदर आहे तो लेशमात्र कमी न करता मला असे म्हणावयाचे आहे, की त्यांच्या उदाहरणाने त्यांच्या वारसांच्या हाती एक धोक्याचे साधनही दिले. स्वतःच्या पगारावर पाणी सोडणारा मुख्याध्यापक पूज्य खरा. पण त्याच्या निधनानंतर संस्थेच्या कार्यकारी मंडळावर आलेला व्यापारी, बागाईतदार वा राजकारणी जेव्हा दुसऱ्याच्या पगारावर पाणी सोडण्याचा ठराव करतो आणि आक्षेप घेणाऱ्याला संस्थापकांच्या तसबिरीकडे बोट दाखवितो, तेव्हा त्यागाचा अर्थ पुरता पालटलेला असतो. त्याग ज्याचा त्यानेच करावयाचा असतो, तो हुकूम काढून करवून घेता येत नाही, हे संस्थाचालकांना मान्य करावयास लावण्याचा इतिहास म्हणजेच खाजगी शिक्षकांच्या कज्ज्यांचा इतिहास होय.

सरकारचा या व्यवहाराशी संबंध आला तो अनुदानाच्या दोराने. १८५४ च्या वुडच्या खलित्याने खाजगी शाळांना सरकारी साहाय्य देण्याचे तत्त्व मान्य केले. मुंबई इलाख्यात १८६५ च्या सुमारास परीक्षेच्या निकालावर अनुदान मोजण्याची पद्धत सुरू झाली. आणि हळूहळू अनुदान पाहिजे असेल तर अमुक पात्रतेचे शिक्षक नेमा, अमुक वेतन द्या, अशा अटींचे एक दफ्तरच तयार झाले. स्वातंत्र्योत्तर काळातील माध्यमिक शाळा संहिता ही त्या दफ्तराची शेवटची व सर्वांत विस्तृत आवृत्ती. तिच्यात शिक्षकाच्या नेमणुकीपासून बडतर्फीपर्यंत सर्व काही लिहिलेले होते. उणीव होती ती एकच, पण सर्वनाशी: ही संहिता विधिमंडळाने केलेला कायदा नव्हती, प्रशासनाने घातलेल्या त्या अटी होत्या. अट मोडणाऱ्या संस्थेचे अनुदान शिक्षण खात्याला कापता येई. त्या संस्थेने घरी बसविलेल्या शिक्षकाला पुन्हा वर्गात उभे करणे खात्याच्या हाती नव्हते. शिवाय अनुदान कापले म्हणजे उरलेल्या शिक्षकांचेच पगार अडत, त्यामुळे ते हत्यारही सहसा उपसले जात नसे.

आणि दिवाणी न्यायालय? तेथे इंग्रजी कायद्याचे जुने तत्त्व आडवे येई, की वैयक्तिक सेवेचा करार न्यायालय बळाने पाळावयास लावणार नाही. मालकाने नोकराला बेकायदा काढले असेल तर नोकराने नुकसानभरपाई घ्यावी, जागा मागू नये. उत्तर प्रदेशातील शामली येथील एका महाविद्यालयाच्या प्राचार्यांचा दावा याच तत्त्वावर १९७६ साली सर्वोच्च न्यायालयात निष्फळ ठरला. संस्था कायद्याने निर्माण केलेली नसेल, केवळ नोंदणी झालेली असेल, तर तिच्या नोकराला पुन्हा रुजू करून घेण्याचा हुकूम देता येत नाही, असा त्या निकालाचा इत्यर्थ. पालघर, डहाणू, वाडा येथील खाजगी शाळांत शिकविणाऱ्या शिक्षकाचे स्थान त्या वर्षी नेमके हेच होते. गावात त्याला गुरुजी म्हणून मान होता, लग्नकार्यात पाट पहिला होता, आणि नोकरी संस्थेच्या सचिवाच्या मर्जीवर होती.

याच सुमारास पालघरच्या उत्तरेकडील गावांचे रूप झपाट्याने बदलत होते. तारापूरचे अणुविद्युत केंद्र ऑक्टोबर १९६९ मध्ये वीज देऊ लागले आणि पुढल्या दशकात बोईसरच्या माळावर औद्योगिक वसाहत उभी राहून कापड, रसायने, औषधे व पोलाद यांचे कारखाने येत गेले. कारखान्याबरोबर कामगार आले, कामगारांबरोबर संघटना आल्या, आणि संघटनांबरोबर १९४७ चा औद्योगिक कलह कायदा व महाराष्ट्राचा १९७१ चा अनुचित कामगार प्रथांविरुद्धचा कायदा हेही रोजच्या बोलण्यात आले. रंगखात्यात काम करणारा कामगार निलंबित झाला तर त्याला निर्वाहभत्ता मिळे, चौकशी होई, कामगार न्यायालयाची वाट मोकळी असे. त्याच कामगाराच्या मुलाला संध्याकाळी त्याच्याच चाळीत येऊन गणित समजावून देणाऱ्या शिक्षकाला यांतले काहीच हक्काने मागता येत नव्हते. बोईसरसारख्या गावात हा भेद एका भिंतीच्या दोन बाजूंना उभा होता आणि डोळ्यांना दिसत होता.

मग शिक्षकाने कामगार म्हणून दाद का मागू नये, असा विचार सुचणे स्वाभाविक होते, आणि तो सुचलाही. १९७८ साली बंगळूर पाणीपुरवठा मंडळाच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाच्या सात न्यायाधीशांनी शिक्षणसंस्था हाही उद्योगच होय असे ठरविले, तेव्हा दार उघडल्यासारखे वाटले. ते बंद झाले गोव्यातील एका खटल्याने. पणजीजवळच्या करंझाळे येथे जोगिणींच्या संस्थेने चालविलेल्या शाळेतील एका शिक्षिकेला १९७५ साली सेवामुक्त करण्यात आले होते. तिचा अर्ज समेट अधिकाऱ्यापासून उच्च न्यायालयापर्यंत आणि तेथून दिल्लीपर्यंत गेला आणि जुलै १९८८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने असा निर्णय दिला, की शाळा हा उद्योग असला तरी शिक्षक हा कायद्याच्या व्याख्येतील कामगार नव्हे. शिकविणे हे अंगमेहनतीचे, कसबी वा कारकुनी काम नाही, ते उदात्त व्रताच्या जातीचे आहे, हे त्यामागील एक कारण. व्याख्येचा तर्क पुढे नेला म्हणजे असे दिसते, की त्याच शाळेतील शिपाई कामगार ठरू शकतो, कारकूनही ठरू शकतो, पण शिक्षक ठरत नाही. शिक्षकाच्या कामाची थोरवी हेच त्याचे संरक्षण नाकारण्याचे कारण व्हावे याची खंत त्या न्यायाधीशांनाही वाटली असावी; कारण शिक्षकांच्या संरक्षणासाठी स्वतंत्र कायदे असण्याची आवश्यकता त्यांनी निकालातच बोलून दाखविली. गोव्याने असा कायदा १९८४ साली केला होता. महाराष्ट्राने तो त्याआधीच केला होता, आणि आता त्याकडे वळले पाहिजे.

डिसेंबर १९७७ ते फेब्रुवारी १९७८ या काळात महाराष्ट्रातील सरकारी कर्मचारी व शिक्षक यांनी केंद्राप्रमाणे महागाईभत्ता मिळावा म्हणून जो ५४ दिवसांचा संप केला, तो अनेक घरांच्या आठवणीत आजही आहे. त्या अस्वस्थ हंगामातच महाराष्ट्र खाजगी शाळांतील कर्मचारी (सेवेच्या शर्ती) विनियमन अधिनियम, १९७७ हा कायदा आकाराला आला. राष्ट्रपतींची संमती १९७८ च्या मार्चमध्ये मिळाली, पण नियमावली तयार होऊन प्रत्यक्ष अंमल सुरू व्हावयास जुलै १९८१ उजाडले. मान्यताप्राप्त खाजगी शाळा अनुदान घेणारी असो वा न घेणारी, तिला हा कायदा लागू आहे. शिक्षकांना आहे तसा शिक्षकेतरांनाही आहे. अल्पसंख्याक संस्थांना मुख्याध्यापकाच्या व आणखी फार तर तिघांच्या निवडीपुरती मोकळीक आहे.

या कायद्याची कलमे वाचताना, ती ज्यांनी रचली त्यांना संस्थाचालकांच्या कचेरीतले व्यवहार किती जवळून माहीत होते याचा प्रत्यय पदोपदी येतो. राजीनाम्याचे सातवे कलमच घ्या. कर्मचाऱ्याला राजीनामा द्यावयाचा असेल तर त्याने पत्र दोन प्रतींत तयार करावे, दोन्हींवर सही करून तारीख घालावी, आणि एक प्रत व्यवस्थापनाकडे रजिस्टर्ड टपालाने पाठवून दुसरी स्वतःजवळ ठेवावी, असे ते सांगते. ज्या संस्थेच्या कचेरीपासून शिक्षकाचा वर्ग वीस पावलांवर आहे, तिला पत्र टपालाने कशाला धाडावयाचे असे नवख्यास वाटेल. पण नेमणुकीच्या दिवशीच कोऱ्या कागदावर किंवा बिनतारखेच्या राजीनाम्यावर सही घेऊन तो कागद कपाटात ठेवावयाचा, आणि मर्जी फिरली की त्यावर तारीख घालून तो मंजूर झाल्याचे कळवावयाचे, हा प्रकार ठाऊक असला म्हणजे त्या टपालाच्या पावतीची किंमत कळते. पोस्टातल्या कारकुनाने मारलेला तारखेचा शिक्का संस्थेच्या सचिवाला मागून उमटविता येत नाही. राजीनामा स्वेच्छेने दिला की लिहवून घेतला, हा प्रश्न या कायद्याखालील शाळा न्यायाधिकरणापुढे आला की प्रथम हीच पावती मागितली जाते.

चौकशी समितीची रचना तशीच विचारपूर्वक केलेली आहे. शिक्षकावर गैरवर्तनाचा आरोप असेल तर तीन माणसे बसावयाची: एक व्यवस्थापनाचा, एक आरोपी शिक्षकाने निवडलेला, आणि तिसरा राज्य वा राष्ट्रीय पुरस्कार मिळविलेल्या शिक्षकांच्या यादीतला. फळ्यासमोर आयुष्य घालविलेला आणि त्याबद्दल सरकारने गौरविलेला माणूस आपल्या सहव्यवसायीच्या भाग्याचा निर्णय करावयास बसतो, या कल्पनेत एक प्रकारचे सौंदर्य आहे, असे मला नेहमी वाटते. निलंबन सामान्यतः चार महिन्यांपलीकडे लांबवू नये, त्या काळात निर्वाहभत्ता द्यावा, असेही नियम सांगतात. आणि एवढे करूनही बडतर्फी, सेवासमाप्ती, पदावनती वा बढतीत डावलणूक झालीच, तर तीस दिवसांच्या मुदतीत शाळा न्यायाधिकरणाकडे अपील करता येते. तेथे बसणारा अधिकारी दिवाणी न्यायाधीश (वरिष्ठ स्तर) याहून खालच्या दर्जाचा असत नाही. शामलीच्या प्राचार्यांना जे मिळू शकले नव्हते ते, म्हणजे पुन्हा रुजू करून घेण्याचा हुकूम, या न्यायाधिकरणाला देता येतो. आणि ते योग्य न वाटल्यास दहा वर्षे वा अधिक सेवा झालेल्यास बारा महिन्यांचा व कमी सेवेच्या कर्मचाऱ्यास सहा महिन्यांचा पगार भरपाईदाखल देवविता येतो.

कायदा आला म्हणजे कज्जे संपतात असे नाही; ते अधिक बारीक होतात. या कायद्याच्या पाचव्या कलमाने कायम रिकाम्या जागेवर पात्र उमेदवाराला दोन वर्षांच्या परिवीक्षेवर नेमावे आणि ती निर्वेध पार पडल्यावर त्याला कायम समजावे असे ठरविले. तेव्हापासून नेमणुकीच्या हुकुमातील तारखांना असाधारण महत्त्व आले. जूनमध्ये नेमणूक आणि एप्रिलच्या अखेरीस समाप्ती, मे महिन्याची सुट्टी बिनपगारी, आणि जूनमध्ये पुन्हा नवा हुकूम, असे पाचपाच वर्षे चाललेले शिक्षक न्यायाधिकरणापुढे उभे राहिले आणि विचारू लागले, की जागा कायमची असताना मला मात्र दरवर्षी नवा कसे ठरविले? यावर न्यायालयांचे धोरण एकसारखे राहिलेले नाही. १९९७ व २००२ सालच्या दोन निकालांत सर्वोच्च न्यायालयाने, ठराविक मुदतीचा हुकूम स्वीकारणाऱ्याला केवळ काळ लोटल्यामुळे कायमपणा मिळत नाही, असे सांगितले. तर उच्च न्यायालयाच्या अनेक निकालांनी मुदतीचा हुकूम हा कायद्याला बगल देण्यासाठी होता काय याची छाननी केली. मला स्वतःला ही दुसरी दृष्टी अधिक न्याय्य वाटते, कारण नोकरीच्या शोधात आलेला पंचविशीचा पदवीधर हुकुमाच्या कागदावरील मुदत वाचून ती नाकारू शकतो ही समजूत वास्तवाला धरून नाही.

दुसरा वाद मान्यतेचा. शिक्षकाच्या नेमणुकीस शिक्षणाधिकाऱ्याची वैयक्तिक मान्यता नसेल तर ती नेमणूकच पोकळ, असा पवित्रा संस्था वर्षानुवर्षे घेत. मान्यतेचा प्रस्ताव पाठविणे संस्थेचेच काम. तो न पाठविता पुढे मान्यता नाही म्हणून शिक्षकाला घरी पाठविणे, म्हणजे स्वतःच्या चुकीचा लाभ स्वतःच उठविणे झाले. मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठाने २००७ च्या सुमारास ही गाठ सोडविली: मान्यतेचा संबंध अनुदानाशी आहे, नेमणुकीच्या वैधतेची ती पूर्वअट नव्हे. तरीही मान्यतेचा तगादा थांबला नाही. २ मे २०१२ रोजी शासनाने अतिरिक्त शिक्षकांचे समायोजन होईपर्यंत नव्या भरतीस बंदी घातली, आणि त्या तारखेनंतर नेमलेल्यांच्या फायली शिक्षणाधिकाऱ्यांच्या दफ्तरांतून उच्च न्यायालयाच्या बोर्डावर जाऊ लागल्या. त्याआधी २००० सालापासून शिक्षणसेवक योजनेने दोन वर्षांच्या परिवीक्षेच्या जागी तीन वर्षे मानधनावरची सेवा आणलीच होती. प्राथमिकच्या शिक्षणसेवकाचे मानधन दीर्घकाळ ६,००० रुपये होते, ते २०२३ च्या फेब्रुवारीत १६,००० झाले.

आणि विनाअनुदानित शाळांविषयी काय लिहावे! शाळा काढू द्यावयाची पण अनुदान कधीही मागावयाचे नाही, या अटीवर राज्यात जी परवानग्यांची खैरात झाली तिच्यातून हजारो शिक्षक असे निर्माण झाले, की ज्यांच्या हजेरीपटावर रोज सह्या होतात आणि पगारपत्रकावर आकडा नसतो, किंवा असतो तो नावापुरता. ‘कायम’ ही अट २००९ साली उठली आणि पुढे २० टक्के, ४० टक्के असे अनुदान टप्प्याटप्प्याने सुटू लागले. पण दरम्यान अनेकांची पंधरा वर्षे गेली, आणि आझाद मैदानावरील उपोषणे हा एक नित्याचा भाग झाला. याच मुलखात, तेव्हाच्या उंबरगाव व डहाणू तालुक्यांच्या पाड्यांवर, १९४५ साली गोदावरी व शामराव परुळेकर यांच्या साहाय्याने वारली शेतमजूर जमीनदारांच्या वेठीविरुद्ध उठले होते. वेठबिगाराच्या पाठीवर चाबूक होता आणि शिक्षकाच्या पाठीवर नाही, हा भेद फार मोठा आहे आणि तो पुसून टाकणे त्या वारल्यांच्या हालांचा अपमान होईल. तरीपण त्यांच्या नातवंडांना शिकविणारा माणूस उद्याच्या आशेवर आज फुकट राबत असेल, तर या भूमीत त्याची लाज अधिकच वाटावयास हवी.

निवृत्तिवेतनाच्या वादातही ही बिनपगारी वर्षेच नडली. १ नोव्हेंबर २००५ पासून राज्याने जुनी निवृत्तिवेतन योजना नव्या कर्मचाऱ्यांसाठी बंद केली. मग ज्यांची नेमणूक त्या तारखेच्या आधीची पण शाळेला शंभर टक्के अनुदान मिळाले नंतर, ते जुने की नवे? शासन म्हणते नवे. शिक्षक म्हणतात, आम्ही तर १९९० च्या दशकापासून वर्गात उभे आहोत. उपदानाचेही (ग्रॅच्युइटीचेही) तसेच. २००४ साली अहमदाबादच्या प्राथमिक शिक्षकांच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने शिक्षक हा उपदान कायद्यातील ‘कर्मचारी’ नाही असे ठरविले, म्हणजे गोव्याच्या खटल्यातील तर्कच पुन्हा आला. या वेळी मात्र संसदेने २००९ साली व्याख्या बदलली आणि ती ३ एप्रिल १९९७ पासून लागू केली. खाजगी शाळांनी त्याविरुद्ध दिलेले आव्हान २०२२ च्या ऑगस्टमध्ये फेटाळले गेले.

या सर्व निकालांत शिक्षकांच्या दृष्टीने सर्वांत मोलाचा निकाल मराठवाड्यातून आला. औरंगाबादच्या एका अनुदानित प्राथमिक शाळेच्या इमारतीवर महापालिकेने २००५ साली व्यापारी दराने कर आकारला, आणि तो भरण्यासाठी प्रत्येक कर्मचाऱ्याने दरमहा १,५०० रुपये द्यावेत असा संस्थेचा आग्रह पडला. एका शिक्षिकेने नकार दिला. त्यानंतर तिच्यावर ज्ञापनांचा वर्षाव झाला, २००६ साली निलंबन झाले आणि २००७ च्या जूनमध्ये सेवासमाप्ती. न्यायाधिकरणाने २००९ साली ती रद्द करून मागील संपूर्ण पगारासह तिला पुन्हा घेण्यास सांगितले. उच्च न्यायालयाने मागील पगार काढून टाकला. आणि १२ ऑगस्ट २०१३ रोजी न्या. सिंघवी व न्या. गोपाल गौडा यांच्या पीठाने तो परत दिला. चुकीने काढलेल्या माणसाला मागील पगारासह परत घेणे हाच सामान्य नियम आहे. तो अन्यत्र कमावीत होता असे म्हणावयाचे असेल तर ते मालकाने सिद्ध करावे. खटला लांबला याचे खापर नोकराच्या माथी फोडू नये, असे तो निकाल सांगतो. आज देशभरातील कामगारांच्या खटल्यांत हा निकाल आधारास घेतला जातो. शिक्षकाला कामगारांच्या पंक्तीतून उठविले गेले होते. त्याच वर्गातील एका बाईंनी दीड हजार रुपये देण्यास नकार देऊन कामगारांच्या हातीच एक शस्त्र ठेवले.

आता बोईसर-तारापूरकडे परत येऊन पाहिले तर दिसते, की प्रश्नाचे स्थान बदलले आहे. अनुदानित मराठी शाळांत पटसंख्या घटत आहे आणि कज्जे आहेत ते पटावरून शिक्षकसंख्या ठरविणारी संचमान्यता, समायोजन व निवृत्तिवेतन यांचे. नव्या शाळा आहेत त्या इंग्रजी माध्यमाच्या. २०१२ च्या स्वयंअर्थसाहाय्यित शाळांच्या कायद्यानंतर त्यांना आणखी बळ मिळाले. तेथे शिकविणाऱ्यांत बहुसंख्य स्त्रिया असतात, कारखान्यांतील कामगारांच्या व तंत्रज्ञांच्या घरच्या. आपल्याला १९७७ चा कायदा लागू आहे, शाळेला अनुदान नसले तरी लागू आहे, हे त्यांपैकी कितीजणींना नेमणुकीच्या वेळी कोणी सांगते? हुकूम हाती न देता तोंडी रुजू करून घेणे, वेतन रोख देणे, एप्रिलमध्ये ‘जूनमध्ये कळवू’ म्हणणे हे जोवर चालते तोवर कायद्याचे पुस्तक कपाटातच राहते, कारण न्यायाधिकरणापुढे पहिला प्रश्न येतो तो शाळा मान्यताप्राप्त होती काय आणि नेमणूक रीतसर झाली होती काय हाच.

दुसरी अडचण अंतराची. १ ऑगस्ट २०१४ रोजी पालघर स्वतंत्र जिल्हा होईपर्यंत शिक्षणाधिकाऱ्याच्या सहीसाठी ठाण्याला जावे लागे; तो हेलपाटा आता वाचला आहे. पण बोईसर स्थानकापासून मुंबईचे उच्च न्यायालय शंभर किलोमीटरवर आहे, उपनगरी गाड्यांची सेवा डहाणूपर्यंत पोहोचली तीच २०१३ साली, आणि तारीख तहकूब झाली की बुडालेला दिवस पगारातून जातो. अपील तीन महिन्यांत निकाली काढण्याचा प्रयत्न व्हावा आणि तसे न झाल्यास कारणे नोंदवावीत, असे कायद्याचे दहावे कलम म्हणते. व्यवहारात वर्षे जातात. २००२ च्या ऑक्टोबरमध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या अकरा न्यायाधीशांच्या पीठाने खाजगी शिक्षणसंस्थांविषयीचा आपला विख्यात निकाल देताना, संस्थाचालकांचे स्वातंत्र्य मान्य करूनही, शिक्षा वा सेवासमाप्ती झालेल्या कर्मचाऱ्यांसाठी न्यायाधिकरणे असावीत आणि ती स्थापन होईपर्यंत जिल्हा न्यायाधीशाच्या दर्जाच्या अधिकाऱ्याने हे काम पाहावे, अशी सूचना केली होती. महाराष्ट्रात न्यायाधिकरणे आधीपासून असल्यामुळे ती सूचना येथे कोणी फारशी मनावर घेतली नाही. तिच्यातला जवळिकीचा, जिल्ह्यातच दाद मिळावी हा, आशय मात्र घेण्यासारखा आहे. न्यायाधिकरणाचे कामकाज ठराविक दिवशी पालघर मुक्कामी चालावे, आणि उन्हाळी सुट्टीच्या तोंडावर हाती पडलेल्या सेवासमाप्तीच्या पत्राविरुद्धचे अपील मे महिन्यातही तेथेच दाखल करून घेतले जावे, एवढी तजवीज नवा कायदा न करता प्रशासकीय हुकुमाने करता येण्याजोगी आहे. शिक्षक मतदारसंघातून विधानपरिषदेवर निवडून जाणाऱ्या कोकणच्या प्रतिनिधीने पुढल्या अधिवेशनात पहिली मागणी हीच करावी, कारण तीस दिवसांची मुदत नेमकी त्याच महिन्यात संपते.